अडलेलं गेट, आंदोलन आणि पोलीस संरक्षणाचा कोर्टाचा आदेश : नाशिकच्या उद्योजकांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सातपूर, अंबड, सिन्नर, गोंदे, दिंडोरी इथले कारखानदार आणि पिंपळगाव-लासलगाव पट्ट्यातले व्यापारी यांचे फोन मला साधारण एकाच वेळी येतात. सकाळी साडेसात ते नऊ. पहिली पाळी आत जायची असते, गेटवर मंडप पडलेला असतो आणि बाहेर ट्रकांची रांग लागलेली असते. खालचे प्रश्न याच फोनांमधून आणि व्हॉट्सअ‍ॅपवरून गोळा केले आहेत. एकाच उत्तरात सगळं कोंबलेलं नाही. जिथे दुसऱ्या प्रश्नाचा संबंध येतो तिथे त्याचा क्रमांक दिला आहे.

१. "कोर्टाचं पोलीस प्रोटेक्शन" म्हणजे नेमकं काय मिळतं? गेटवर कायमचे पोलीस बसतात का?

बसत नाहीत. आदेशाचा मजकूर बहुतेक वेळा असा असतो : अर्जदाराची माणसं, माल आणि वाहनं यांच्या ये-जा करण्याला प्रतिवादींनी अडथळा करू नये, आणि अडथळा झालाच तर संबंधित पोलीस ठाण्याने कायद्याप्रमाणे मदत द्यावी. किती पोलीस, किती तास, व्हॅन उभी ठेवायची की फेरी मारायची, हे सहसा पोलिसांवरच सोपवलेलं असतं.

तुम्हाला मिळतो तो रस्ता. पगारवाढ किती द्यायची, युनियन कोणाची खरी, गावाची मागणी रास्त की नाही, यातलं काहीही कोर्ट पोलिसांकरवी ठरवत नाही. हे आधी मनाशी पक्कं केलं तर पुढची निम्मी चिडचिड वाचते.

२. त्यासाठी कोर्टातच जावं लागतं का? पोलीस स्वतःहून काही करू शकत नाहीत?

करू शकतात, आणि आधी त्यांच्याकडेच जायचं. एखाद्याला ज्या दिशेने जाण्याचा हक्क आहे तिकडे जाण्यापासून रोखणं हा भारतीय न्याय संहितेच्या कलम १२६ खाली दखलपात्र गुन्हा आहे. शिक्षा फार नाही, एक महिन्यापर्यंतची साधी कैद किंवा पाच हजारांपर्यंत दंड किंवा दोन्ही. पण दखलपात्र असल्यामुळे पोलिसांना लगेच हात घालता येतो. पाच किंवा जास्त माणसं बळ वापरून किंवा धाक दाखवून अडवत असतील तर कलम १८९, म्हणजे बेकायदेशीर जमाव. धमकीला ३५१, तोडफोडीला ३२४. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १६८ प्रमाणे दखलपात्र गुन्हा होण्याआधीच तो रोखणं हे पोलिसांचं काम आहे आणि कलम १७० मध्ये प्रतिबंधात्मक अटकेचा अधिकारही आहे. १ जुलै २०२४ पासून भारतीय दंड संहितेची जुनी कलमं गेली. अर्जात अजूनही ३४१ आणि १४३ लिहिणारे भेटतात. नवी लिहा.

"हा कामगारांचा वाद आहे, कोर्टात जा" असं ठाण्यात सांगितलं गेलं तर ते अर्धंच खरं असतं. पगाराचा वाद कोर्टाचा, पण ड्रायव्हरची कॉलर धरणं ठाण्याचंच. दखलपात्र गुन्हा दिसत असेल तर एफआयआर नोंदवणं बंधनकारक आहे, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१३ साली ललिता कुमारी प्रकरणात स्पष्ट केलं आहे. ठाण्याने नकार दिला तर वरिष्ठांना लेखी कळवायचं आणि तरीही दखल घेतली नाही तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जायचं.

३. आमचा कारखाना शहराबाहेर आहे. अर्ज आयुक्तालयात द्यायचा की ग्रामीणला?

सातपूर आणि अंबड औद्योगिक वसाहती नाशिक शहर पोलीस आयुक्तालयाच्या हद्दीत येतात. सिन्नर, मुसळगाव, गोंदे-वाडीवऱ्हे, दिंडोरी, निफाड, लासलगाव, पिंपळगाव ही सगळी नाशिक ग्रामीण, म्हणजे पोलीस अधीक्षकांची हद्द. मूळ अर्ज स्थानिक ठाण्याच्या वरिष्ठ निरीक्षकांना आणि प्रत शहरात आयुक्त-उपायुक्तांना किंवा ग्रामीणमध्ये अधीक्षक आणि उपविभागीय पोलीस अधिकाऱ्यांना द्यायची. चुकीच्या हद्दीत दिलेला अर्ज फिरत राहतो आणि दोन-तीन दिवस हातचे जातात. प्रत्येक प्रतीवर आवक शिक्का, तारीख आणि सही घ्या. ईमेलही करा, पण शिक्क्याची पोच ती पोच.

४. अर्जात काय लिहायचं? आम्ही तर "तातडीने संरक्षण मिळावे" एवढंच लिहिलं होतं.

म्हणूनच त्यावर काही झालं नाही. ठाण्यात असे अर्ज रोज येतात. पुढे कोर्टात हाच अर्ज सगळ्यात महत्त्वाचा कागद ठरतो, कारण मागणी केली आणि ती पूर्ण झाली नाही, हे दाखवल्याशिवाय हायकोर्ट सरकारी यंत्रणेला आदेश द्यायला सहसा तयार होत नाही.

लिहायचं ते असं. कोणत्या तारखेला, किती वाजता, कोणत्या गेटवर, साधारण किती माणसं होती. नावं माहीत असतील ती, नसतील तर झेंडा, फलक, गाडीचे नंबर. नेमकं काय अडवलं : कामगारांची बस, कच्च्या मालाचा ट्रक, की अ‍ॅम्ब्युलन्स. चलन किंवा ई-वे बिलाचा क्रमांक द्या. सुरक्षारक्षकाच्या गेट रजिस्टरमधली नोंद जोडा. आणि तुमचा हक्क दाखवणारे कागद : एमआयडीसीचा भाडेपट्टा किंवा सातबारा, कारखाना परवाना, प्रदूषण नियंत्रण मंडळाची संमती.

सीसीटीव्हीचं फुटेज त्याच दिवशी पेनड्राइव्हवर घ्या. डीव्हीआरमधलं जुनं फुटेज काही दिवसांनी आपोआप पुसलं जातं आणि हे बहुतेकांना तारखेच्या आदल्या रात्री कळतं. इलेक्ट्रॉनिक पुराव्यासोबत भारतीय साक्ष्य अधिनियम २०२३ च्या कलम ६३ खालचं प्रमाणपत्र लागतं. ते वकिलाकडून सुरुवातीलाच करून घ्या. मोबाइलवर चित्रीकरण करणाऱ्या माणसाने तोंड बंद ठेवावं. त्याने दिलेली शिवी त्याच व्हिडिओत ऐकू येते.

५. पण आंदोलन करणं हा त्यांचा घटनादत्त हक्क आहे ना? कोर्ट ते बंद कसं करणार?

बंद करतही नाही. शांततेने निदर्शनं करणं हा अभिव्यक्तीचा भाग आहे, असं सर्वोच्च न्यायालयाने १९६२ सालीच कामेश्वर प्रसाद प्रकरणात म्हटलं. सार्वजनिक रस्त्यावर सभा घेण्याचा हक्कही वाजवी नियमांच्या चौकटीत १९७३ च्या हिमतलाल शहा निकालाने मान्य केला. दुसऱ्या बाजूला १९६९ मध्ये रेल्वे बोर्डाच्या प्रकरणात न्यायालयाने सांगितलं की दुसऱ्याच्या ताब्यातल्या जागेत सभा भरवण्याचा हक्क कोणाला नाही. आणि २०२० च्या शाहीनबाग निकालात म्हटलं की सार्वजनिक रस्ता बेमुदत अडवून बसता येणार नाही. तुमच्या बाजूला अनुच्छेद १९(१)(जी), व्यवसाय करण्याचा हक्क. कामावर येऊ इच्छिणाऱ्या कामगाराच्या बाजूलाही तोच आणि शिवाय जीविताचा हक्क.

या सगळ्याचं गणित कोर्टात बहुधा मीटरमध्ये सुटतं. गेटपासून अमुक मीटरच्या आत मंडप, ठिय्या, घोषणा नकोत. त्यापलीकडे शांततेने बसा. "संपूर्ण आंदोलनावर बंदी घालावी" अशी मागणी घेऊन जाणारे मालक मला भेटतात. मी त्यांना म्हणतो, शंभर मीटर मागा, मिळण्यासारखं आहे. गाव बंद करा म्हणालात तर न्यायाधीश तुमच्याकडेच संशयाने बघतील.

६. कोणत्या कोर्टात जायचं?

अडवणारा कोण आहे, यावर अवलंबून. सगळ्यात जास्त वेळ आणि पैसा चुकीच्या दारात जाण्यामुळे वाया जातो, म्हणून हे सविस्तर सांगतो.

अडवणारे बाहेरचे असतील, म्हणजे गावकरी, एखादी संघटना, जागेवरून वाद असलेले शेजारी, प्रतिस्पर्धी व्यापारी, तर दिवाणी न्यायालयात कायम मनाईचा, म्हणजे अडवू नका असा हुकूम मागणारा दावा टाकायचा. विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियम १९६३, कलम ३८. त्याच्यासोबत दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९, नियम १ आणि २ खाली तात्पुरत्या मनाईचा अर्ज. मनाई मिळाल्यावरही अडवणूक सुरू राहिली, तर कलम १५१ खाली पोलीस मदतीचा वेगळा अर्ज. नाशिक शहरातलं प्रकरण जुन्या आग्रा रोडवरच्या जिल्हा न्यायालयाच्या आवारात, निफाड-सिन्नर-दिंडोरीचं तिकडच्या न्यायालयात.

इथे एक खाच आहे. दाव्यातच सरकारला किंवा पोलिसांना प्रतिवादी केलंत तर त्याच संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस आडवी येते. तातडीच्या कारणाने ती माफ करून घेता येते, पण त्यासाठी आणखी एक अर्ज, आणखी एक युक्तिवाद. म्हणून बरेच वकील आधी फक्त अडवणाऱ्यांविरुद्ध मनाई घेतात आणि पोलिसांचा विषय अंमलबजावणीच्या टप्प्यावर आणतात.

अडवणारे तुमचेच कामगार किंवा त्यांची युनियन असेल तर प्रश्न ७. हायकोर्टाचं दार प्रश्न ९ मध्ये.

७. गेट अडवणारे आमचेच कामगार आहेत. दिवाणी दावा चालेल का?

बहुधा नाही. महाराष्ट्रात १९७१ चा कामगार संघटनांना मान्यता आणि अनुचित कामगार प्रथांना प्रतिबंध करणारा कायदा आहे. बोलण्यात सगळे "एमआरटीयू-पल्प" म्हणतात. जी तक्रार या कायद्याखाली होऊ शकते ती दिवाणी न्यायालयाने ऐकू नये, असं त्याचं कलम ६० सांगतं. म्हणून जायचं औद्योगिक न्यायालयात.

या कायद्याची तिसरी अनुसूची गेटवर उभं राहूनच लिहिल्यासारखी आहे. संपात नसलेल्या कामगारांना शरीराने अडवून आत जाऊ न देणारं पिकेटिंग, त्यांना किंवा व्यवस्थापनातल्या माणसांना धमकावणं, मुद्दाम काम मंद करणं, पाळी संपल्यावर आत ठाण मांडून बसणं, घेराव, हे सगळं युनियनकडून होणारी अनुचित प्रथा म्हणून नोंदलेलं आहे. कलम २८ खाली ९० दिवसांच्या आत तक्रार करायची आणि कलम ३०(२) खाली अंतरिम आदेश मागायचा. तो मोडला तर कलम ४८ खाली तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा दंड होऊ शकतो.

२१ नोव्हेंबर २०२५ पासून केंद्राची औद्योगिक संबंध संहिता लागू झाली आहे आणि तिच्यात सगळ्याच औद्योगिक आस्थापनांतल्या संपासाठी १४ दिवस आधीच्या नोटिशीची अट आहे. त्यामुळे तक्रार कोणत्या कलमाखाली बसवायची, हे कामगार कायद्याच्या वकिलाकडून दाखल करण्याच्या दिवशीच तपासून घ्या. मागच्या वर्षीचा मसुदा उचलून नाव बदलू नका.

आणि एक कडू गोष्ट. हीच तक्रार युनियनही तुमच्याविरुद्ध करू शकते. तीन महिन्यांचा पगार थकलेला असताना "ते गेट अडवतात" म्हणत गेलात तर पहिला प्रश्न पगाराचा येतो.

८. ते कामगार कंत्राटदाराचे आहेत, आणि पुढे बसलेला नेता तर कोणाचाच कामगार नाही. मग?

हा खरा पेच. कंत्राटी कामगार तुमचे कामगार आहेत की नाहीत, हाच वाद असेल तर सर्वोच्च न्यायालयाच्या २००१ च्या सिप्ला आणि कल्याणी स्टील्स निकालांप्रमाणे तो आधी दुसरीकडे ठरावा लागतो. त्यामुळे "हे आमचे कामगार नाहीत" असं औद्योगिक न्यायालयात लिहिलंत, तर मग इथे कशाला आलात, असा प्रश्न येऊ शकतो. आणि दिवाणी न्यायालयात ते तुमचेच असल्यासारखं लिहिलंत तर कलम ६० आडवं येईल. दोन कोर्टांत दोन भूमिका घेऊ नका. समोरचा वकील दोन्ही प्रतिज्ञापत्रं शेजारी-शेजारी ठेवतो.

बाहेरच्या नेत्याला युनियनचा पदाधिकारी म्हणून प्रतिवादी करता येतं. तो पदाधिकारी नसेल तर त्याच्यापुरता दिवाणी दावा. तो पैसे मागत असेल तर गोष्टच वेगळी. ती खंडणी, भारतीय न्याय संहितेचं कलम ३०८, सात वर्षांपर्यंत शिक्षा. ती कामगारांच्या मागणीत मिसळू नका, वेगळी तक्रार द्या.

९. थेट मुंबई हायकोर्टात रिट टाकली तर जलद होईल ना?

कधी कधी. नाशिक जिल्हा मुंबईच्या मुख्य पीठाखाली येतो. धुळे, जळगाव, अहिल्यानगरची प्रकरणं संभाजीनगर खंडपीठाकडे जातात, नाशिकची नाही. हे लिहावं लागतं, कारण अजून विचारतात.

अनुच्छेद २२६ ची रिट, म्हणजे सरकारी यंत्रणेला आदेश द्या अशी हायकोर्टातली याचिका, ही पोलिसांनी आपलं कर्तव्य केलं नाही म्हणून असते. त्यामुळे प्रश्न ४ मधला शिक्का मारलेला अर्ज नसेल तर मुंबईला जाण्यात अर्थ नाही. आणि मूळ हक्कच वादात असेल तर हायकोर्ट हात आखडतं घेतं. २००६ च्या पी. आर. मुरलीधरन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं आहे की पोलीस संरक्षणाच्या रिटआडून दिवाणी हक्कांचा निवाडा करून घेता येणार नाही. म्हणजे भाडेपट्ट्याचीच भांडणं असतील, दोन भागीदारांमध्ये ताबा कोणाचा हे ठरलं नसेल, तर आधी दिवाणी न्यायालय. उलट ताबा निर्विवाद आहे, परवाने आहेत, खालच्या कोर्टाची मनाईही आहे आणि तरी पोलीस हलत नाहीत, अशी रिट भक्कम असते.

१०. किती दिवसांत आदेश मिळतो? समोरच्याला न ऐकता मिळतो का?

एकतर्फी आदेश देता येतो, पण तो अपवाद. नोटीस दिल्यास हेतूच निष्फळ होईल, हे न्यायाधीशांना कारणांसह लिहावं लागतं. असा आदेश मिळाला की अर्ज, प्रतिज्ञापत्र, कागद यांच्या प्रती समोरच्याला लगेच पोचवायच्या किंवा रजिस्टर पोस्टाने पाठवायच्या आणि तसं प्रतिज्ञापत्र त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी दाखल करायचं. हे विसरल्यामुळे चांगले आदेश गेलेले पाहिले आहेत. अर्ज ३० दिवसांत निकाली काढण्याचा प्रयत्न कोर्टाने करायचा, असं आदेश ३९ चा नियम ३अ म्हणतो. प्रत्यक्षात तारखा पडतात.

तातडी दाखवायची तर मालाची दाखवा, मालकाच्या बेचैनीची नको. दिंडोरीकडच्या एका पॅकहाऊसच्या प्रकरणात मार्च महिना, आत द्राक्षं, गेटबाहेर कंटेनर अडलेला. कोर्टाने एवढंच विचारलं, माल किती वेळ टिकेल? मालकाकडे प्री-कूलिंगची तापमानाची वही होती, तासातासाच्या नोंदींची, सुपरवायझरच्या वळणदार अक्षरात. त्या वहीने माझ्यापेक्षा जास्त काम केलं. नटबोल्टच्या कारखान्याला ही घाई दाखवता येत नाही. त्याने निर्यातीची अंतिम तारीख, दंडाची अट, बॉयलर किंवा भट्टी थंड पडण्याचा धोका असं काहीतरी कागदावर दाखवावं.

११. अडवणाऱ्यांची नावंच माहीत नाहीत. दोनशे माणसं होती.

चेहरा म्हणून पुढे असलेल्या पाच-सात जणांना प्रतिवादी करा आणि दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश १, नियम ८ खाली त्यांना सगळ्यांचे प्रतिनिधी म्हणून धरण्याची परवानगी मागा. संघटना असेल तर तिलाही करा. "आणि इतर अनोळखी इसम" एवढ्यावर आदेश निघणं अवघड, आणि निघाला तरी तो नेमका कोणी मोडला हे पुढे सिद्ध होत नाही.

१२. आदेश हातात आहे, तरी पोलीस येत नाहीत. आता?

आधी पाहा, आदेश पोलिसांना आहे का? निव्वळ मनाई हुकूम समोरच्याला असतो. पोलिसांना तसं कोर्टाने सांगितलेलं नसेल तर ठाणे अंमलदार "आम्हाला यात काय सांगितलंय?" विचारतो आणि त्याचं बरोबर असतं. मग प्रश्न ६ मधला कलम १५१ चा अर्ज.

पोलिसांना निर्देश असतील तर प्रमाणित प्रत, सोबत एका पानाचं मराठी पत्र : आदेशाची तारीख, नेमका परिच्छेद, उद्या किती वाजता कोणती वाहनं येणार. अचानक सकाळी सातला फोन करून बंदोबस्त मागू नका. मनुष्यबळ आदल्या संध्याकाळी ठरतं. २०२७ च्या सिंहस्थाची तयारी सुरू असताना तर शहरातलं मनुष्यबळ आणखी ताणलेलं असणार. मोठं मशीन आणायचं असेल तर दिवस-वेळ ठाण्याशी ठरवूनच आणा.

हे सगळं करूनही हालचाल नसेल तर न्यायालय अवमान अधिनियम १९७१. शिक्षा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा दोन हजारांपर्यंत दंड किंवा दोन्ही, आणि घटनेपासून एक वर्षाच्या आत जायचं. मनाई मोडणाऱ्या आंदोलकांसाठी आदेश ३९, नियम २अ : मालमत्ता जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद. पण पोलीस निरीक्षकाविरुद्ध अवमान याचिका हा शेवटचा उपाय ठेवा. त्याच ठाण्याच्या हद्दीत तुम्हाला अजून वीस वर्षं कारखाना चालवायचा आहे.

१३. बंदोबस्ताचे पैसे द्यावे लागतात का?

गुन्हा रोखणं, जमाव पांगवणं हे पोलिसांचं नेहमीचं काम आहे, त्याचं बिल नसतं. पण तुम्ही स्वतः अर्ज करून जादा पोलीस मागितलेत तर महाराष्ट्र पोलीस अधिनियम १९५१ च्या कलम ४७ प्रमाणे खर्च अर्जदाराचा. नको झाले की लेखी कळवायचं. त्यानंतर जास्तीत जास्त एका महिन्यात खर्चाची जबाबदारी संपते. मोठ्या कामाच्या ठिकाणी कामगारांच्या वर्तनाची भीती असेल तर कलम ४८ आहे, त्यातही खर्च मालकाकडून वसूल होतो. कोर्टाच्या आदेशातही "शुल्क भरल्यावर" असे शब्द असू शकतात. वाचून घ्या. पैसे भरून आलेले पोलीसही हुकूम त्यांच्या अधिकाऱ्याचाच ऐकतात. "यांना उचला" असं सांगायला जाऊ नका.

१४. जमावबंदी लावून घेता येईल का?

ती तुमच्यासाठी लागत नाही. नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १६३ किंवा पोलीस अधिनियमाचं कलम ३७ हे सार्वजनिक शांततेसाठी असतं. असा जमावबंदीचा आदेश आधीच लागू असेल तर त्याची प्रत जोडा, उपयोग होतो. पण वैध विरोध दाबायला हे कलम वापरता येणार नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२० च्या अनुराधा भसीन निकालात जुन्या १४४ बद्दल, म्हणजे आताच्या १६३ बद्दल, म्हटलं आहे.

१५. वाराईवरून (माल चढवण्या-उतरवण्याच्या मजुरीवरून) गाडी अडवतात. हे आंदोलन की वसुली?

दोन्ही असू शकतं. माथाडी कायदा १९६९ चा आहे, मंडळ आहे, नोंदणीकृत टोळी आहे, लेव्ही (मजुरीवर मंडळाला भरायची जादा रक्कम) आहे. तुम्ही नोंदणी टाळली असेल आणि टोळी काम मागत असेल तर तो वाद माथाडी मंडळापुढचा आणि तिथे तुमचीच बाजू लंगडी. पण माल तुमच्या माणसांनी किंवा क्रेनने उतरवला आणि हात न लावता कोणी पैसे मागतोय, नाहीतर गाडी सुटणार नाही म्हणतोय, तर ते प्रश्न ८ मधलं कलम ३०८. केरळात या प्रकाराला "नोक्कुकूली" म्हणतात, नुसतं बघण्याची मजुरी. तिथल्या हायकोर्टात त्यावरून पोलीस संरक्षणाच्या कितीतरी याचिका गेल्या. आपल्याकडे ट्रकवाला पाचशे रुपये काढून देतो आणि निघून जातो, म्हणून कागद तयारच होत नाही. किमान पावती मागा. पावती नाकारली, हीसुद्धा नोंद असते.

१६. राजकीय पक्षाचा "बंद" आहे. एका दिवसासाठी आदेश मिळेल?

सक्तीचा बंद बेकायदेशीर आहे, हे केरळ हायकोर्टाने १९९७ मध्ये म्हटलं आणि त्याच वर्षी सर्वोच्च न्यायालयाने ते कायम ठेवलं. ३० जुलै २००३ च्या मुंबई बंदसाठी मुंबई हायकोर्टाने शिवसेना आणि भाजपला प्रत्येकी २० लाख रुपये भरायला लावले होते. २४ ऑगस्ट २०२४ च्या महाराष्ट्र बंदला हायकोर्टाने आदल्या दिवशी मनाई केली. एकट्या दुकानासाठी स्वतंत्र आदेश आणायला मात्र वेळच उरत नाही. आदल्या दिवशी ठाण्यात लेखी कळवा, जमल्यास व्यापारी संघटनेमार्फत, आणि शटर उघडं ठेवायचं की नाही हे आपल्या गल्लीचा अंदाज घेऊन ठरवा.

१७. गावकरी सांडपाण्यावरून बसलेत. आमच्या संमतीचं नूतनीकरण बाकी आहे. अडचण होईल?

होईल. मनाई आणि रिट दोन्ही न्यायबुद्धीने द्यायच्या गोष्टी आहेत आणि स्वच्छ हाताने यावं लागतं. प्रदूषण मंडळाची संमती संपलेली असताना "कायदेशीर व्यवसायात अडथळा" म्हणता येत नाही. आधी अर्ज भरा, मंडळाच्या नोटिशीला उत्तर द्या आणि जे आहे ते प्रतिज्ञापत्रात स्वतः सांगा. लपवलेला कागद समोरून आला तर आदेश तर जातोच, वर खर्च बसतो. नाल्याचं पाणी खरंच काळं असेल तर वकिलाच्या फीपेक्षा ईटीपीवर (सांडपाणी प्रक्रिया यंत्रणेवर) केलेला खर्च जास्त लवकर गेट उघडतो.

१८. कारखान्याकडे येणारा रस्ताच शेतकऱ्याने चर खणून बंद केलाय. हे आंदोलन नाही. तरी संरक्षण मिळेल?

तुमचा प्रश्न रस्त्याच्या हक्काचा आहे. पूर्वापार वहिवाटीचा रस्ता शेतजमिनीकडेही जात असेल तर मामलेदार न्यायालय अधिनियम १९०६, कलम ५ खाली सहा महिन्यांच्या आत तहसीलदारांकडे जाता येतं. ते तुलनेने सोपं आणि स्वस्त. सहा महिने उलटले असतील तर दिवाणी दावा. नकाशावर रस्ता नाही, खरेदीखतात उल्लेख नाही, फक्त "इतकी वर्षं जातोय" असं असेल, तर पोलीस संरक्षण विसरा आणि त्या शेतकऱ्याच्या ओट्यावर जाऊन बसा. अशी प्रकरणं चहावर मिटलेली मी पाहिली आहेत, आणि दोन पिढ्या चाललेलीही.

१९. मॅनेजरच्या घरासमोर घोषणा देतात. घरी लहान मुलं आहेत.

प्रश्न ७ मधल्या तिसऱ्या अनुसूचीत मालकाच्या किंवा व्यवस्थापनातल्या माणसाच्या घरासमोर निदर्शनं हा वेगळा मुद्दाच आहे. तक्रारीत घराचा पत्ता वेगळा नमूद करा. फक्त कारखान्याचा पत्ता टाकलात तर आदेशही तेवढ्यापुरताच मिळेल. घर दुसऱ्या ठाण्याच्या हद्दीत असेल तर तिथेही अर्ज द्या.

२०. आम्ही खासगी बाउन्सर ठेवले तर?

परवानाधारक एजन्सी किंवा सुरक्षा रक्षक मंडळाचे रक्षक गेटच्या आत ठेवा. शासनाच्या महाराष्ट्र राज्य सुरक्षा महामंडळाचे रक्षकही पैसे भरून मिळतात. बाहेर रस्त्यावर काळे टी-शर्टवाले उभे केलेत की दोन्हीकडून गुन्हे नोंदले जातात आणि कोर्टात तुमचं प्रकरण "दोन गटांतली हाणामारी" होऊन बसतं.

२१. आम्ही आंदोलक आहोत. आमच्याविरुद्ध आदेश निघाला. आम्ही काय करायचं?

हा प्रश्नही तितकाच येतो. आदेश निघण्याआधी शक्यता वाटत असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १४८अ खाली कॅव्हेट टाका. ती ९० दिवस चालते आणि तुम्हाला ऐकल्याशिवाय आदेश होत नाही. दिवाणी न्यायालयातून एकतर्फी आदेश निघाला असेल तर आदेश ३९, नियम ४ खाली तो रद्द किंवा सौम्य करून मागता येतो, आणि अपीलही आहे. तोवर आदेश पाळा. मीटर मोजून पलीकडे बसा, मोजतानाचा फोटो काढा. कामावर जाणाऱ्यांना समजावणं चालतं, बसपुढे आडवं पडणं चालत नाही. स्टेजवरून "कोर्टाचा कागद आम्ही मानत नाही" असं म्हणणारा नेता दुसऱ्या दिवशी तारखेला बहुधा हजर नसतो. नोटीस मात्र तुमच्या नावाने येते.

२२. झालेलं नुकसान वसूल करता येतं का?

दिवाणी दाव्याने, नाव-गाव असलेल्या माणसांकडून, हिशोबाच्या पुराव्यासह. नोंदणीकृत युनियनला कामगार वादातल्या काही कृत्यांबद्दल दिवाणी दाव्यापासून संरक्षण आहे. हिंसा आणि तोडफोड त्यात येत नाही. मशीनचा विमा असेल तर पॉलिसीत संप आणि दंगलीचं कलम आहे का, ते आधी पाहा. विमा कंपनीला सूचना देण्याची मुदत कमी असते आणि सगळे कोर्टाच्या धावपळीत तीच चुकवतात.

२३. तडजोड झाली. आदेशाचं काय करायचं?

तडजोड लेखी करून कोर्टात दाखल करा आणि दावा किंवा तक्रार त्याप्रमाणे निकाली काढून घ्या. ठाण्यालाही पत्र द्या, जादा पोलीस मागितले असतील तर प्रश्न १३ प्रमाणे ते परत पाठवण्याचं वेगळं पत्र. एकमेकांवर नोंदवलेल्या गुन्ह्यांचं काय करायचं, तेही तडजोडीतच लिहा. प्रश्न २ मधला कलम १२६ चा गुन्हा ज्याला अडवलं त्याच्या संमतीने मिटतो. तो बहुतेक वेळा तुमचा ड्रायव्हर असतो, तेव्हा सहीला त्यालाही बोलवा.